चाकावरचा हात

म्हातारा मुकादम निवृत्त झाला त्या आठवड्यात कालव्यात पाणी इतकं कमी होतं की निरोपाच्या फोटोसाठी सगळी टोळी कालव्याच्या तळातच उतरून उभी राहिली. फोटो काढणारा म्हणाला, "मागे थोडं पाणी असतं तर शोभा आली असती." बोका म्हणाला, "पाणी असतं तर आम्ही इथे नसतो, दारांवर लटकलो असतो. मग घे शोभेचा फोटो." टोळी खदखदून हसली. वहिनी ओठ मिटून उभी राहिली. हसलं की तिचा उजवा खांदा हलायचा, आणि हलला की दुखायचा.

टोळीत ती एकटी बाई. तिचे वडील याच कालव्यावर पाणी अडवायचं दार सांभाळत. ते कामावर असतानाच गेले, आणि त्यांच्या जागी सरकारने तिला घेतलं. पहिल्या दिवसापासून कायम. त्या वेळी तिचा नवरा याच कालव्यावर रोजंदारीवर होता. सात वर्षं रोजंदारी करून झाली होती त्याची. दार कसं चढवायचं, दोराला वंगण कुठे लावायचं, पाण्याचा आवाज बदलला की काय समजायचं, हे तिला त्यानेच शिकवलं. पुढे टोळीत आलेल्या प्रत्येकाला त्यानेच शिकवलं, म्हणून सगळे त्याला उस्ताद म्हणत. आणि उस्तादची बायको म्हणून ती वहिनी. वर्षभर घरात नवरा कच्चा आणि बायको पक्की अशी मौज होती. मग एके दिवशी उस्ताद आणि बोका दोघंही एकाच कागदावर कायम झाले, आणि ती मौज विसरली गेली. निदान घरात तरी कुणी तिचा उल्लेख करत नसे.

बोका म्हणजे टोळीतला सगळ्यांत जुना. गोरा, गोल, बोलायला मऊ. कुठलंही भांडण झालं की तो तिथून शांतपणे निघताना दिसायचा.

दर उन्हाळ्यात दारं आठवड्यातून एकदा उघडायची आणि एकदा बंद करायची. त्या वर्षी पाणी तासांवर वाटायला लागलं. सकाळी दार चढवा, संध्याकाळी उतरवा, मधल्या वेळात शेतकऱ्यांच्या शिव्या खा. लोखंडी दार, त्याला तारेचा दोर, दोर गुंडाळायला दातेरी ढोल, आणि ढोल फिरवायला माणसाच्या छातीएवढं चाक. चढवताना बरं असतं. ढोलाच्या दात्यांत एक लोखंडी अडकण टक्‌ टक्‌ पडत जाते, दम लागला तर थांबता येतं. उतरवताना ती अडकण डाव्या हाताने उचलून धरायची आणि सगळ्या दाराचं वजन उजव्या हाताने पेलत चाक मागे सोडायचं. दोघं असले की एक अडकण धरतो, एक चाक. पण दारागणिक माणूस एकच.

वहिनीचा खांदा त्या उन्हाळ्याच्या दुसऱ्या महिन्यात गेला. डॉक्टरांनी हात धरून वर केला, ती ओरडली, त्यांनी खाली सोडला. "हा हात खांद्याच्या वर न्यायचा नाही. वजन तर मुळीच नाही."

"मग पगार कुठल्या हाताने घेऊ?" तिने विचारलं.

डॉक्टर हसले आणि गोळ्या लिहून दिल्या.

तेव्हापासून तिचं दार उस्ताद फिरवत होता. कुणाला सांगितलं नाही, ठरवलंही नाही. पहाटे स्वतःचं दार चढवून तो सायकलने तिच्या दाराशी यायचा. ती तोवर दाते पुसून, वंगण लावून, पट्टीवर पाणी मोजून ठेवायची. तो कट्ट्यावर चढायचा, शर्टाच्या बाह्या वर करायचा आणि एकही शब्द न बोलता चाकाला भिडायचा. संध्याकाळी पुन्हा तेच. आपलं दार, मग तिचं दार. घरी आल्यावर त्याच्या दंडाच्या शिरा ताठ उभ्या असायच्या आणि चहाची कपबशी हातात थरथरायची. सासू म्हणायची, "बशी वाजवू नकोस, मी जागी आहे."

मुकादमाला चाक फिरवावं लागत नाही. मुकादम बांधावरून चालतो, पाणी मोजतो, हजेरी घेतो, भांडणात मध्ये उभा राहतो. वहिनीला चालता येत होतं, मोजता येत होतं, आणि भांडणात उभं राहण्याची सवय तर सासूमुळे घरबसल्या झालेली. पावसाळ्यानंतर सगळ्यांची शरीर-तपासणी होणार होती. तोवर ती मुकादम झाली, तर खांदा तिचा आणि तिच्या डॉक्टरांचा. नाही झाली, तर नोकरीला अपात्र, आणि नोकरीबरोबर तिच्या नावावरच्या सरकारी खोल्याही जाणार. इतकं सरळ होतं ते. आणि ज्येष्ठतेत तिचंच नाव पहिलं होतं.

कार्यालयाच्या फळ्यावर मुकादमपदासाठी नावं लागली तेव्हा टोळी तिच्याभोवती जमली.

"वहिनी, पेढे नकोत, आम्हाला रजा द्या."

"अहो पण हजेरीचं काय?" बोका म्हणाला. "सगळ्यांची नावं घ्याल, आणि उस्तादचा नंबर आला की? 'अहो' हजर?"

सगळे हसले. उस्तादही हसला. हसला, पण सगळ्यांचं हसून झाल्यावर त्याचं थांबलं, आणि मग तो सायकलची साखळी बसली आहे का ते बघायला खाली वाकला. साखळी बसलेलीच होती.

त्या संध्याकाळी बोका त्याच्याबरोबर चालत गेला. दुसऱ्या दिवशीही. बोका कालव्यावर चालत नसे, त्याला सायकलच्या मागे बसायची सवय. वहिनीने ते पाहिलं आणि पाहून सोडून दिलं.

चार दिवसांनी कारकुनाने तिला कार्यालयात बोलावलं. कारकून माणूस चांगला. फक्त त्याला कुणाच्या तोंडाकडे बघून बोलता येत नसे. तो पंख्याकडे बघत म्हणाला, "तुमच्या ज्येष्ठतेवर हरकत आली आहे."

"कुणाची?"

"प्रत तुम्हाला पाठवायची होती. पण हरकत घेणाऱ्याचा पत्ता आणि तुमचा पत्ता एकच निघाला. म्हटलं, तिकीट कशाला वाया घालवा."

तिने कागद हातात घेतला. आठ वर्षांची रोजंदारी सेवेत धरावी, असं लिहिलं होतं. तसं धरलं तर अर्जदार संबंधित महिला कर्मचाऱ्यास ज्येष्ठ ठरतो, असंही लिहिलं होतं. 'संबंधित महिला कर्मचारी' हे शब्द तिने दोनदा वाचले. अक्षर बोक्याचं होतं. खालची सही उस्तादची. उस्तादची सही नेहमी थोडी वर चढत जायची, जणू कागदाला उतार आहे.

"रोजंदारी धरतात?" तिने विचारलं.

"सहसा नाही. पण समजा धरली," कारकून आता खिडकीकडे बघत होता, "तर सगळ्यांचीच धरावी लागेल. बोक्याची रोजंदारी दहा वर्षांची आहे. मग बोका वर."

"आणि नाही धरली तर?"

"तर तुम्ही पहिल्या. तुमच्यामागे बोका. बोका आणि उस्ताद एकाच दिवशी कायम झालेत ना, अशा वेळी वयाने मोठा तो वर. उस्ताद तिसरे."

"म्हणजे कसंही केलं तरी—"

"कसंही केलं तरी उस्तादचा नंबर येत नाही." इतकं बोलून त्याने पहिल्यांदा तिच्याकडे पाहिलं. "त्यांना कुणी सांगितलं नाही का हे?"

ती भर उन्हात घरी आली. वाटेत तिने मनाशी ठरवलं की रागवायचं नाही. माणूस फसला आहे. बोक्याने गोड बोलून त्याचा हात धरून सही घेतली आहे. त्याला नीट बसवून सांगायचं.

सरकारी खोल्या दोनच. पुढच्या खोलीत सासू दारात धान्य निवडत बसलेली, मागच्या खोलीत उस्ताद पाठीवर पडून छताकडे बघत होता. छताला मागच्या पावसाळ्यातलं ओलीचं वर्तुळ होतं.

"अहो, ऐका. तुमच्या त्या कागदाने तुम्हाला काही मिळत नाही. बोक्याला मिळतं." तिने सगळं सांगितलं, कारकुनाने सांगितलं तसंच, बोटं मोजून.

तो ऐकून घेत होता. मधे एकदाही "हो का?" म्हणाला नाही. तिच्या लक्षात यायला वेळ लागला.

"तुम्हाला ठाऊक होतं."

"होतं."

"मग?"

तो उठून बसला. भिंतीला टेकला.

"बोका मुकादम झाला तर लोक म्हणतील, उस्तादचं नशीब. दुसरं काय म्हणणार? नशिबाला कोण हसतं?" तो थांबला. "मी ज्यांना चाक धरायला शिकवलं ती पोरं लाइनीत उभी. मी त्यांच्यात. आणि समोर तू वही घेऊन. 'पाच नंबरचं दार का उशिरा उघडलं?' मी काय म्हणू? 'दार उघडायला तुम्हाला मीच शिकवलं, मुकादमबाई' म्हणू?"

"मी असं विचारेन होय?"

"विचारावंच लागेल. नाही विचारलं तर म्हणतील, नवऱ्याला सोडते."

बाहेर सुपात धान्य सळसळत होतं. सासूचा हात थांबला नव्हता, पण सळसळ अगदी बारीक झाली होती.

"माझा खांदा तुम्हाला दिसत नाही का?" ती म्हणाली. "पावसाळ्यानंतर तपासणी आहे. मी काय करू? कुठे जाऊ?"

"खांद्याचं मी बघतोय ना? रोज येतो की नाही? एक दिवस चुकलोय?"

"नाही."

"तुझं चाक मी जन्मभर फिरवीन. मरेपर्यंत. पण तुझा हुकूम नाही घेणार. तेवढं मला जमायचं नाही."

हे तो अगदी खालच्या आवाजात म्हणाला. ओरडला असता तर तिलाही ओरडता आलं असतं.

सासू बाहेरून म्हणाली, "घरात तिचाच हुकूम चालतो, तेव्हा नाही रे तुला काही होत."

"घरात कोण बघतंय?" तो म्हणाला.

"मी बघते," सासू म्हणाली, आणि सूप जोरात पाखडलं.

सुनावणी पुढच्या आठवड्यात झाली. साहेब नवा होता, तरुण, पांढऱ्या शर्टाचा. कालव्यावर आला की बूट जपून टाकायचा. नवरा-बायको दोघं एकाच बाकावर बसून वाट बघत होते. दुसरा बाक नव्हता. बोका दारात उभा. शिपायाने पाण्याचा एकच पेला आणला. उस्तादने तो आधी तिच्यापुढे केला, तिने अर्धा पिऊन त्याला दिला. साहेबाने ते पाहिलं आणि हरकतीचा कागद पुन्हा उलटून बघितला, आपण बरोबर माणसं बोलावली आहेत ना म्हणून.

"तुम्ही यांच्याविरुद्ध आहात?"

"विरुद्ध नाही साहेब," उस्ताद म्हणाला. "हरकत आहे."

साहेबाने रोजंदारी धरता येत नाही असं सांगितलं. नियम वाचून दाखवला. पाच मिनिटांत हरकत निकाली निघाली. उस्तादने मान हलवली. त्याची आठ वर्षं साहेबाच्या पेनाखालून गेली, त्या वेळी त्याचा हात आपल्या गुडघ्यावरून नुसता एकदा फिरला. वहिनीला वाटलं होतं आपल्याला हलकं वाटेल. त्या आठ वर्षांतली तीन ती त्याची बायको होती. चिखलाने भरलेले कपडे तिनेच धुतले होते. सरकारी नियमात ती धुणीही आता झालेली नव्हती.

"आता पात्रतेचं," साहेब म्हणाला. "हातकामाची परीक्षा होईल. उमेदवाराने एकट्याने दार त्यावरच्या लाल रेघेपर्यंत चढवायचं आणि पूर्ण उतरवायचं. माझ्यासमोर."

"साहेब," ती म्हणाली, "मुकादमाला चाक फिरवावं लागत नाही ना?"

"नाही."

"मग?"

"तरतूद आहे." साहेबाला स्वतःलाही ते उत्तर पुरलं नसावं. "म्हणजे, ज्याला स्वतःला येतं त्यानेच दुसऱ्याला सांगावं, असं असेल."

चाकातून सुटायचं तर आधी चाक फिरवून दाखवायचं होतं. बाहेर आल्यावर तिला हसू आलं, आणि खांदा दुखला.

परीक्षेपर्यंतचे दिवस घरात फार सभ्य गेले. एकमेकांना वाट देणं, "वाढू का?", "नको", "पुरे". दार मात्र तो रोज फिरवत होता. एका सकाळी कट्ट्यावरून उतरताना तो म्हणाला, "उद्यापासून चढवायची सवय तू कर. मी खाली उभा राहतो."

तिने त्याच्याकडे पाहिलं.

"माझी हरकत ज्येष्ठतेला होती," तो म्हणाला. "खांद्याला नव्हती."

मग तो खाली उभा राहून शिकवायला लागला. पहिल्यांदा शिकवलं होतं तसंच, तोच कोरडा आवाज. हाताने ओढू नको. चाकाखाली ये. पोटाचा जोर लाव. अडकण दातात पडली की श्वास सोड. चढवणं तिला जमायला लागलं. एकेका दाताला थांबत, घामाने भिजत, पण जमायला लागलं. उतरवायची वेळ आली की तो वर यायचा आणि तिला बाजूला करायचा.

"उतरवायचंही करून बघू द्या."

"नको. एकदाच करायचं ते. परीक्षेत. रोज केलंस तर त्या दिवसापर्यंत खांदा उरणार नाही."

हेच कारण खरं होतं, का त्याला तिच्याकडून उतरवून घ्यायचंच नव्हतं, असं तिने स्वतःला विचारलं आणि उत्तराची वाट न बघता वंगणाचा डबा उचलला. घरी सासू तेल कोमट करून ठेवायची. रोज रात्रीच्या जेवणाआधी तिच्या खांद्याला चोळायची, जोरात, जणू भांडं घासतेय.

"हळू हो, आई."

"हळूने काय होतंय? मुकादम व्हायचंय ना? हो. मला एकदा बघायचंय त्याचं तोंड." मग हात हळू करून म्हणायची, "वाईट नाही गं तो. त्याचा बापही असाच होता. आजारी पडले तर उशाशी बसायचा. बरी झाले की बोलायचा नाही."

परीक्षा तिच्याच दारावर झाली. सगळी टोळी हजर. खालच्या अंगाचे शेतकरीही आले होते, कारण दार चढणार म्हणजे फुकटचं घडीभर पाणी सुटणार. साहेब छत्री धरून बांधावर उभा राहिला. कारकून कागद घेऊन त्याच्या सावलीत. उस्तादला साहेबाने कट्ट्याच्या पायऱ्यांपाशी उभं केलं होतं. काही झालं तर जाणता माणूस जवळ हवा, पण हात लावायचा नाही.

तिने पदर खोचला. चाक तापलेलं होतं, तिने हाताला ओलं फडकं गुंडाळलं. पहिला दात पडला, टक्‌. दुसरा. ती चाकाखाली गेली, पोट आत घेतलं, वर आली. पाणी दाराखालून आधी पातळ फणीसारखं आलं, मग आवाज करत सुटलं, आणि शेतकऱ्यांतला एक जण ओरडला, "शाब्बास वहिनी!" लाल रेघ दिसायला लागली. शेवटच्या तीन दातांना तिच्या डोळ्यांपुढे काळे ठिपके आले, पण रेघ आली. टोळीने टाळ्या वाजवल्या. बोक्यानेही वाजवल्या.

"आता उतरवा," साहेब म्हणाला.

तिने डाव्या हाताने अडकण उचलली. दाराचं सगळं वजन उजव्या हातात आलं, खांद्यात आलं, मानेत आलं. तिने चाक बोटभर सोडलं, धरलं. बोटभर सोडलं, धरलं. दार निम्मं उतरलं होतं. चाक सुटत असताना अडकण टाकता येत नाही. फिरत्या ढोलावर टाकली तर दाते तुटतात, आणि दाते तुटले तर दुरुस्तीपर्यंत खालची सगळी रानं कोरडी. हे तिला माहीत होतं म्हणून तिने टाकली नाही. खांद्यात काहीतरी ओलं फडकं फाटावं तसं झालं. हात तिथेच होता, चाकावर, पण हातात कुणी नव्हतं. चाक सुटलं.

टोळीत शिकवण एकच असते: सुटलेलं चाक दिसलं की आधी हात, मग विचार. जवळ असेल त्याने घालायचा. असं सुटलेलं चाक माणसाचा दंड काडीसारखा मोडतं. त्या टोळीतल्या प्रत्येकाने तेच केलं असतं. पायऱ्यांवर उस्ताद होता. तो कधी वर आला ते कुणालाच दिसलं नाही. चाकाची मूठ त्याच्या मनगटावर आदळली, तो हुं असा आवाज करून छातीने चाकावर पडला, आणि चाक थांबलं.

पाण्याचा आवाज तेवढा राहिला.

"तुम्हाला कुणी सांगितलं हात लावायला?" साहेब म्हणाला. रागाने नाही. त्यालाही धक्का बसला होता.

उस्तादने आपल्या हाताकडे पाहिलं, दुसऱ्या कुणाचा असावा तसं. "कुणी नाही, साहेब."

"मग आता हे मी काय लिहू?"

तेव्हा बोका पुढे आला. हात जोडून, मऊ आवाजात. "साहेब, त्यांची चूक धरू नका. सवयीने गेला हात. रोज तेच फिरवतात ना वहिनींचं दार."

कारकुनाने डोळे मिटले.

"रोज?" साहेब म्हणाला.

वहिनीने चाकावरून हात काढला. अडकण अजून तिच्या डाव्या हातात होती, ती तिने जपून दात्यात बसवली.

घरी सासूने दोघांना समोरासमोर बसवलं. एकीच्या गळ्यात हात अडकवायला जुन्या लुगड्याची झोळी बांधली, दुसऱ्याच्या मनगटाला हळद लावून पट्टी गुंडाळली. बांधून झाल्यावर लांबून बघितलं. "दोघांत मिळून दोन हात धड. सरकारला एक माणूस मिळाला."

ती आत गेल्यावर वहिनी म्हणाली, "का घातला हात?"

"चाक सुटलं होतं."

"मी धरलं असतं."

"नसतं धरलंस."

"सुटू दिलं असतं तर काय झालं असतं? हात मोडला असता. कामावर असताना मोडला म्हणून सरकारने काहीतरी तरी केलं असतं."

तो पट्टीची गाठ चाचपत राहिला.

"एक विचारते. खरं सांगा. मी मुकादम होऊ नये म्हणून तर—"

त्याने खूप वेळ घेतला. खोटं बोलायचं असतं तर इतका वेळ लागला नसता.

"मला माहीत नाही," तो म्हणाला. "मीही तेच विचारतोय केव्हाचा. हात गेला, एवढंच माहीत आहे."

तिला वाटलं, नाही म्हणाला असता तर आपण मानलं असतं. हो म्हणाला असता तर निदान भांडता आलं असतं. तिने त्याच्या पट्टीची सुटलेली गाठ दातांनी ओढून घट्ट केली.

बोक्याची पात्रता दोन दिवसांत पूर्ण झाली. त्याने बाजूच्या टोळीच्या नव्या, वंगण केलेल्या दारावर परीक्षा दिली. तिसऱ्या सकाळी तो हजेरीची वही काखेत घेऊन आला. टोळी लाइनीत उभी राहिली. वहिनीच्या गळ्यात झोळी नव्हती. झोळी घालून आलेल्याला तपासणीला पाठवतात, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

"साहेबांचा आदेश आहे," बोका म्हणाला. "ज्याचं दार त्यानेच फिरवायचं. आणि तक्रार येऊ नये म्हणून काही जणांची दारं बदलली आहेत. उस्ताद, तुम्ही शेवटचं दार घ्या. कालव्याच्या टोकाचं."

टोकाचं दार सायकलने दीड तासावर होतं.

उस्ताद लाइनीतून पुढे आला. टोळीला वाटलं तो आता बोलेल काहीतरी. उस्तादच तो, लाइनीतल्या पोरांना चाक धरायला त्यानेच शिकवलं होतं. त्याने दोन्ही हात जोडले. पट्टीमुळे एक तळवा नीट मिटत नव्हता.

"मुकादम," तो म्हणाला. "एवढं नका करू. मला तिच्या जवळचं दार राहू द्या. बाकी म्हणाल ते करीन."

"अहो उस्ताद, हात काय जोडता? मला लाज वाटते."

"म्हणाल ते करीन, मुकादम. दोन माणसांचं काम करीन."

"माझ्या हातात असतं तर?" बोका म्हणाला. त्याला खरोखरच वाईट वाटत असावं. त्याच्या चेहऱ्यावरून ते कधीच कळत नसे. "असं करा, अर्ज द्या. मी वर पाठवतो. बघू."

लाइनीतली पोरं पायांकडे बघत होती. वहिनी नवऱ्याच्या पाठीकडे बघत होती. तिच्यासाठी तो इतका वाकला होता की शर्ट पाठीवर ताणून शिवण दिसत होती. तिच्यापुढे त्याला नुसतं ताठ उभं राहायचं होतं, तेवढंच जमलं नव्हतं. तिला त्याची चीड आली, आणि तो हात जोडताना मनगट दुखलं असेल असंही मनात आलं. दोन्ही एकदमच आलं. कुठलं आधी, ते तिलाही सांगता आलं नसतं.

ती पुढे झाली. "चला," म्हणाली. "उशीर होईल. ऊन चढतंय."

तो तिच्याबरोबर तिच्या दारापर्यंत सायकल हाताने ढकलत आला. कट्ट्याखाली उभा राहिला. चढवायच्या आधी दोराकडे बघ, म्हणाला. दात पडल्याशिवाय दुसरा हात घालू नको, म्हणाला. तिने मान हलवली. अजून काही सांगायचं होतं त्याला, पण बांधावरून बोका येताना दिसला, तेव्हा तो सायकलवर बसला आणि टोकाच्या दिशेने निघाला. बराच वेळ दिसत राहिला. बांध अगदी सरळ आहे तिथे.

खाली शेतकरी कुदळी घेऊन थांबले होते. "वहिनी, सोडा की, आमचा तास चाललाय!"

ती कट्ट्यावर चढली. ओलं फडकं गुंडाळलं. चाकाखाली गेली, पोट आत घेतलं. एक दात. श्वास. दुसरा दात. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत, वाजवायचं काही कारणही नव्हतं, रोजचं काम. पाणी सुटलं, शेतकरी आपापल्या वाफ्यांकडे पळाले, आणि क्षणात बांधावर कुणी उरलं नाही.

तिने अडकण नीट बसली आहे ना ते बघितलं आणि चाकाला पाठ टेकून खाली बसली. दार चढलं होतं. संध्याकाळी ते उतरवायचं होतं.